आवरणारा मेंदू

बेडकाच्या मेंदूचे पुढचे दोन गोलार्ध काढून टाकले तरी बेडूक लगेच मरत नाही. त्याला उभा टांगून मागचा पंजा पाणी घालून अगदी सौम्य केलेल्या गंधकाम्लात बुडवला, तर काही क्षणांनी तो पाय आखडून वर ओढून घेतो. हे क्षण मोजता येतात. शेजारी मेट्रोनोम ठोके देत असतो. पाय वर येईपर्यंत किती ठोके पडले ते वहीत लिहायचं. व्हिएन्नाच्या ल्युडविग ट्युर्क या वैद्यानं बसवलेली ही पद्धत एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर युरोपातल्या शरीरक्रियाशास्त्रज्ञांच्या हातात चांगली रुळली होती.

१८६२ सालच्या अखेरीस पॅरिसमध्ये क्लोद बर्नारच्या प्रयोगशाळेत तेहतीस वर्षांचा एक रशियन प्राध्यापक याच पद्धतीत एक भर घालत होता. गोलार्ध काढल्यावर मेंदूचा जो भाग उघडा पडतो, तिथे, थॅलॅमसच्या कापावर, तो साध्या मिठाचा खडा ठेवी आणि मग पाय आम्लात बुडवी. ठोक्यांची संख्या वाढे. कधी कधी पाय वर येतच नसे. मीठ धुऊन टाकलं की थोड्या वेळानं बेडूक पुन्हा पहिल्यासारखा पाय आखडू लागे. तोच खडा खाली मज्जारज्जूच्या कापावर ठेवला, तर पाय असा थिजत नसे.

प्रयोग एवढाच. त्यातून इव्हान मिखाइलोविच सेचेनोव्हनं काढलेला निष्कर्ष मात्र मोठा होता. मेंदूत अशी केंद्रं आहेत की ती चेतवली गेली म्हणजे शरीराची हालचाल सुरू होत नाही, उलट होऊ घातलेली हालचाल दाबली जाते. म्हणजे स्वस्थ बसणं दर वेळी निष्क्रिय असतंच असं नाही. ते मेंदूनं केलेलं कामही असू शकतं.

या विचाराचा एक धागा आधीपासून हाताशी होता. एर्न्स्ट आणि एडुआर्ड वेबर या भावांनी १८४५ साली दाखवलं होतं, की व्हेगस चेतेला विजेचा झटका दिला तर हृदय मंदावतं आणि थांबतंही. चेता काम सुरू करते हे सर्वांना ठाऊक होतं. चेता काम थांबवूही शकते, ही गोष्ट नवी होती. शिवाय डोकं छाटलेल्या बेडकाचे पाय धडधाकट बेडकापेक्षा चटकन हलतात, हेही अनेकांनी पाहिलं होतं. मग डोक्यात असं काय आहे, की ते असताना पाय सबुरीनं घेतात? सेचेनोव्हनं हा प्रश्न प्रयोगाच्या कक्षेत आणला. मेंदूच्या या कामाला आज निरोधन म्हणतात. बेडकाच्या पायावरून त्यानं थेट माणसाच्या विचारापर्यंत उडी घेतली आणि त्या उडीमुळे रशियाचं सरकार त्याच्या मागे लागलं.

खंदकांचं शिक्षण

सेचेनोव्हचा जन्म १३ ऑगस्ट १८२९ रोजी सिंबीर्स्क प्रांतातल्या त्योप्ली स्तान या खेड्यात झाला. वडील लहानसे जमीनदार, निवृत्त लष्करी अधिकारी. आई मूळची भूदास शेतकरी घराण्यातली. जमीनदारानं भूदास स्त्रीशी रीतसर लग्न करणं त्या काळच्या रशियात नेहमीचं नव्हतं. वडील लवकर गेले, घरची ओढाताण सुरू झाली, आणि या मुलाला कमी खर्चात शिकवायचं तर लष्करी शाळेखेरीज वाट राहिली नाही.

१८४३ साली तो पीटर्सबर्गच्या मुख्य अभियांत्रिकी विद्यालयात दाखल झाला. त्याच वर्षी तिथून शिकून बाहेर पडलेल्या एका तरुणाचं नाव होतं फ्योदोर दस्तयेव्हस्की. या विद्यालयात तटबंदी, खंदक, सुरुंग असं सगळं शिकवत. त्यासाठी लागणारं गणित आणि भौतिकशास्त्रही कसून शिकवत. सेचेनोव्हला तटबंदीत रस नव्हता, भौतिकशास्त्रात होता. पुढे आयुष्यभर तो शरीराकडे भौतिक आणि रसायन शास्त्रांच्या नजरेनं पाहत आला, त्याची बीजं इथली आहेत.

१८४८ साली त्याची नेमणूक कीव्हच्या सॅपर (खंदक-सुरुंगांचं काम करणाऱ्या) पलटणीत झाली. दोन वर्षांत त्यानं राजीनामा दिला आणि १८५१ मध्ये, वयाच्या बाविसाव्या वर्षी, मॉस्को विद्यापीठात वैद्यकशास्त्राच्या पहिल्या वर्गात तो जाऊन बसला. तिथे त्याची निराशाच झाली. या रोगावर हे औषध, त्या रोगावर ते. का, ते कोणी सांगेना. रोग समजायचा तर आधी निरोगी शरीर कसं चालतं ते कळायला हवं, हे त्याच्या मनानं घेतलं. १८५६ साली पदवी हातात पडली. तोवर आई वारली होती. वडिलोपार्जित मालमत्तेतला आपला वाटा सोडून त्याबदली मिळालेल्या पैशावर तो जर्मनीला निघाला.

ती चार वर्षं म्हणजे त्या काळच्या विज्ञानाची तीर्थयात्राच होती. बर्लिनमध्ये त्यानं योहानेस म्यूलरची व्याख्यानं ऐकली आणि स्नायू-चेतांमधल्या विजेचा शोध घेणाऱ्या एमिल दु ब्वा-रेमोंकडे तो शिकला. व्हिएन्नात कार्ल लुडविग त्याचा गुरू झाला आणि पुढे जन्मभराचा स्नेही. हायडेलबर्गला हेर्मान हेल्महोल्ट्झची प्रयोगशाळा होती, रसायनशास्त्रज्ञ बुन्सेन होता. तिथल्या रशियन तरुणांच्या कंपूत सेचेनोव्हबरोबर होते रसायनशास्त्रज्ञ दिमित्री मेंडेलीव्ह आणि अलेक्सांद्र बोरोदिन. त्यातल्या पहिल्यानं पुढे मूलद्रव्यांची आवर्तसारणी मांडली, दुसरा संगीतकार म्हणूनच जास्त ओळखला गेला.

परदेशात असतानाच त्यानं प्रबंधाचं काम केलं. विषय होता दारूची धुंदी. रशियन समाजाच्या इतक्या जिव्हाळ्याच्या गोष्टीचा शरीरक्रियेच्या अंगानं अभ्यास करायचा, तर दारू प्यायल्यावर रक्तातल्या वायूंचं काय होतं ते मोजायला हवं; आणि त्यासाठी रक्तातून वायू पुरते काढून घेणारं यंत्र हवं. ते त्यानं लुडविगच्या प्रयोगशाळेत स्वतः सुधारून घेतलं. १८६० साली पीटर्सबर्गच्या वैद्यकीय-शल्य अकादमीत त्यानं प्रबंधाचं समर्थन केलं आणि लगेच तिथेच तो शिकवू लागला. प्रबंधाला जोडलेल्या विधानांमध्ये एक लक्षवेधी विधान होतं: ज्यांना आपण ऐच्छिक हालचाली म्हणतो, त्यासुद्धा काटेकोर अर्थानं प्रतिक्षिप्त क्रियाच आहेत. पॅरिसचा मिठाचा खडा अजून दोन वर्षं लांब होता, पण विचाराची दिशा ठरलेली होती.

सेन्सॉरच्या टेबलावर

त्या वेळचा रशिया उकळत होता. क्रिमियाच्या युद्धात नाचक्की झाली होती. नव्या झारनं, दुसऱ्या अलेक्झांडरनं, १८६१ साली भूदासांना मुक्त केलं होतं. तरुण पिढीला जुनं काहीच नको होतं, आणि नव्याचं प्रतीक म्हणून तिनं विज्ञान उचलून धरलं होतं. तुर्गेनेव्हची ‘वडील आणि मुलगे’ ही कादंबरी १८६२ सालची. तिचा नायक बाझारोव्ह देव मानत नाही, कला मानत नाही, आणि बेडूक चिरतो. बेडूक चिरणं ही तेव्हाच्या पीटर्सबर्गमध्ये एक राजकीय भूमिकाच झाली होती.

पॅरिसहून परतल्यावर सेचेनोव्हनं १८६३ साली एक दीर्घ निबंध लिहिला. कवी नेक्रासोव्हच्या संपादनाखाली निघणाऱ्या ‘सोव्रेमेन्निक’ या गाजलेल्या मासिकासाठी तो होता. मूळ शीर्षकाचा आशय असा, की मानसिक प्रक्रियांना शरीरक्रियेचा पाया देण्याचा हा प्रयत्न आहे. सेन्सॉरनं निबंध अडवला. सर्वसामान्य सुशिक्षितांच्या मासिकात हे छापायचं नाही, छापायचंच असेल तर डॉक्टरांच्या साप्ताहिकात छापा आणि शीर्षकही बदला, असा निवाडा झाला. मग तो ‘मेंदूच्या प्रतिक्षिप्त क्रिया’ या नावानं ‘मेदित्सिन्स्की व्हेस्त्निक’ या वैद्यकीय पत्रात आला. सेन्सॉरचा हिशेब असा, की डॉक्टरांच्या रुक्ष पत्राकडे कोण फिरकणार? पण ते अंक हातोहात फिरले.

१८६६ साली निबंधाचं पुस्तक झालं आणि छापून होताच ते जप्त झालं. वेळच तशी होती. त्याच वर्षीच्या एप्रिलमध्ये काराकोझोव्ह नावाच्या माजी विद्यार्थ्यानं झारवर गोळी झाडली होती. नेम चुकला, पण दडपशाहीला निमित्त मिळालं. माणसाची प्रत्येक कृती मेंदूतल्या यंत्रणेतून घडत असेल, तर पाप कशाला म्हणायचं आणि गुन्ह्याची शिक्षा कोणाला द्यायची? धर्म आणि कायदा दोन्ही धोक्यात आहेत, असा आरोप ठेवून खटल्याची तयारी झाली. वकील कोणता देणार, असं मित्रांनी विचारल्यावर सेचेनोव्ह म्हणाला म्हणे, वकील कशाला, मी एक बेडूक घेऊन जाईन आणि न्यायाधीशांसमोर प्रयोग करून दाखवीन. सरकारी वकिलानं तो खोडून दाखवावा. ही आख्यायिका त्याच्या स्वभावाला शोभते खरी. प्रत्यक्षात खटला उभा राहिलाच नाही. असा खटला चालवला तर पुस्तकाची जाहिरातच होईल, हे वरच्या अधिकाऱ्यांना उमगलं आणि १८६७ साली प्रती मोकळ्या झाल्या.

विचार म्हणजे अडवलेली कृती

या पुस्तकात असं काय होतं? सुरुवातीलाच सेचेनोव्ह वाचकाला एका निरीक्षणापाशी आणतो. मेंदूचं काम आपल्याला बाहेरून दिसतं ते अखेर स्नायूंच्या हालचालीतूनच. खेळणं पाहून हसणारं मूल असो, देशापायी हद्दपारी पत्करणारा गॅरिबाल्डी असो, की विश्वाचे नियम कागदावर उतरवणारा न्यूटन. ओठ, डोळे, हात यांचे स्नायू हलले नाहीत, तर आतलं काहीच दुसऱ्याला कळणार नाही. मग मनाचा अभ्यास करायचा, तर हालचालीचा मागोवा उलट दिशेनं घेत जायला हवं.

प्रतिक्षिप्त क्रियेचे तीन टप्पे असतात. आधी डोळा, कान, त्वचा यांपैकी कुठल्या तरी ज्ञानेंद्रियावर बाहेरून उद्दीपन होतं. मग चेताकेंद्रांत त्याची उलाढाल होते. शेवटी स्नायू हलतो. बेडकाच्या पायात हे तीन टप्पे सरळ एकामागून एक येतात. माणसात काय होतं? सेचेनोव्हच्या मते कधी शेवटचा टप्पा प्रमाणाबाहेर फुगतो. छोट्याशा कारणानं माणूस किंचाळतो, रडतो, मिठी मारतो. त्या आपल्या भावना आणि विकार. कधी मात्र शेवटचा टप्पा दाबला जातो. उद्दीपन झालं, मेंदूतली उलाढाल झाली, पण स्नायू हलला नाही. सेचेनोव्ह म्हणतो, हाच विचार. शेवटचा तिसरा हिस्सा अडवून धरलेली प्रतिक्षिप्त क्रिया.

लहान मुलाकडे पाहिलं की त्याचं म्हणणं पटू लागतं. दीड-दोन वर्षांचं मूल दिसेल ते हातात घेतं, मनात येईल ते बोलतं, बोलता बोलता हातवारे करतं. त्याचा विचार आणि कृती यांत फट नसते. मोठं होता होता ते मोठ्यानं बोलण्याऐवजी मनातल्या मनात बोलायला शिकतं, धावत सुटण्याऐवजी बसून राहायला शिकतं. शिस्त, सवय आणि संस्कार म्हणजे मेंदूतली आवर घालणारी यंत्रणा कामाला लावणं. ज्याला आपण मनोनिग्रही माणूस म्हणतो, त्याच्या मेंदूत ही यंत्रणा बळकट झालेली असते. मिठाचा खडा पडल्यावर बेडकाचा पाय थांबतो, त्याच जातीची पण कितीतरी गुंतागुंतीची क्रिया माणसात बाहेरचा खडा नसतानाही चालते.

सेचेनोव्ह इथे थांबला नाही. प्रत्येक कृतीचं पहिलं कारण शेवटी शरीराबाहेरच असतं, असं त्यानं ठासून सांगितलं. आपल्याला वाटतं, विचार मनात आपोआप आला. खरं तर कुठल्या तरी जुन्या आठवणीला कुठल्या तरी बारीकशा संवेदनेनं डिवचलेलं असतं. हे विधान सिद्ध करण्याइतका पुरावा त्याच्याकडे नव्हता. बेडकाच्या प्रयोगावरही आक्षेप आले. फ्लॉरेन्समध्ये काम करणारा अलेक्सांद्र हेर्झेन (रशियन क्रांतिकारक लेखक हेर्झेनचा मुलगा) म्हणाला, निरोधनाचं असं खास केंद्रच नाही. चेतासंस्थेत कुठेही जोरदार उद्दीपन झालं, की इतर क्रिया मंदावतात. या वादात दोन्ही बाजूंना अंशतः सत्य होतं. आवर घालण्याचं काम एखाद-दुसऱ्या केंद्रापुरतं मर्यादित नाही, ते चेतासंस्थेत सर्वत्र चालतं; आणि तरीही मेंदूकडून मज्जारज्जूकडे उतरणारे, खास दाबून ठेवणारे मार्ग खरोखर आहेत.

१८७२ साली विचारवंत कॉन्स्तांतिन काव्हेलिननं मानसशास्त्राचं काम आत्मपरीक्षणानं करावं, अशी बाजू मांडली. सेचेनोव्हनं पुढच्याच वर्षी उत्तर दिलं: मानसशास्त्र शरीरक्रियाशास्त्रज्ञांनी, बाहेरून तपासता येईल अशा पद्धतीनं उभारावं. स्वतःच्या मनात डोकावून जे दिसतं ते दुसऱ्याला पडताळता येत नाही, हा त्याचा मुद्दा होता.

वर्गाबाहेरच्या विद्यार्थिनी

१८६०च्या दशकाच्या सुरुवातीला पीटर्सबर्गच्या अकादमीत काही तरुणी व्याख्यानांना येऊन बसू लागल्या. त्यांना प्रवेश नव्हता, पदवी मिळणार नव्हती. सेचेनोव्हनं त्यांना वर्गात तर बसू दिलंच, प्रयोगशाळेत कामही दिलं. त्यातल्या दोघी नाद्येझ्दा सुस्लोवा आणि मारिया बोकोवा. सुस्लोवानं त्याच्या मार्गदर्शनाखाली त्वचेच्या संवेदनांवर संशोधन करून ते प्रसिद्धही केलं. पण सरकारनं लवकरच स्त्रियांना विद्यापीठांचे आणि अकादमीचे दरवाजे बंद केले. सुस्लोवा झुरिकला गेली आणि १८६७ साली तिथून डॉक्टर होऊन आली. रशियातली ती पहिली पदवीधर स्त्री डॉक्टर. बोकोवानंही झुरिकमधूनच १८७१ साली पदवी मिळवली.

मारियानं डॉक्टर प्योत्र बोकोव्हशी लग्न केलं होतं, ते मुळात आईवडिलांच्या धाकातून सुटण्यासाठी. असं नाममात्र लग्न करून मुलीला शिकायला मोकळं करणं, ही त्या पिढीतल्या तरुणांची एक चळवळच होती. पुढे मारिया आणि सेचेनोव्ह एकत्र आले, बोकोव्ह दोघांचाही मित्र राहिला. चेर्निशेव्हस्कीनं १८६३ साली तुरुंगातून लिहिलेल्या ‘काय करावं?’ या कादंबरीत असाच तिघांचा गुंता आहे, आणि तिच्यातला शरीरक्रियाशास्त्रज्ञ किर्सानोव्ह म्हणजे सेचेनोव्हच, असं वाचकांनी ठरवून टाकलं. तारखा पाहता हे कितपत खरं, यावर अभ्यासकांत मतभेद आहेत. मारिया आणि सेचेनोव्ह यांनी मिळून डार्विनच्या ‘मानवाचं अवतरण’ या ग्रंथाचं रशियन भाषांतर काढलं. रीतसर लग्न मात्र त्यांना १८८८ सालापर्यंत करता आलं नाही.

अकादमीतली त्याची नोकरी १८७० मध्ये सुटली, तीही त्यानं स्वतः सोडली म्हणून. प्राणिशास्त्राच्या जागेसाठी त्यानं एका तरुण संशोधकाचं नाव सुचवलं होतं. सहकाऱ्यांनी मतदानात ते पाडलं. योग्यता असून नाकारण्याची ही रीत आपल्याला मान्य नाही, असं म्हणत सेचेनोव्ह बाहेर पडला. नाकारलेला तो तरुण म्हणजे इल्या मेच्निकोव्ह. रक्तातल्या पांढऱ्या पेशी जंतूंना गिळतात हे त्यानं पुढे शोधलं आणि १९०८ साली त्याला नोबेल पारितोषिक मिळालं.

रक्तातला वायू, आकाशातला फुगा

नोकरी गेल्यावर काही महिने तो मेंडेलीव्हच्या प्रयोगशाळेत रसायनशास्त्राचं काम करत होता. मग १८७१ ते १८७६ ओदेसाच्या विद्यापीठात त्यानं शिकवलं. तिथे मेच्निकोव्ह आता त्याचा सहकारी होता. त्यानंतर पीटर्सबर्ग विद्यापीठ आणि १८८९ पासून मॉस्को.

लोकांच्या लेखी तो मेंदूवाला सेचेनोव्ह असला, तरी या काळातला त्याचा बराच वेळ रक्तातल्या कार्बन डायऑक्साइडमागे गेला. पेशींमध्ये तयार झालेला हा वायू रक्त फुप्फुसापर्यंत कसा नेतं? तो नुसता विरघळून जातो, की रक्तातल्या क्षारांशी, प्रथिनांशी बांधला जातो? रक्त हा गुंतागुंतीचा द्रव. म्हणून सेचेनोव्हनं आधी साध्या मिठांची द्रावणं घेतली आणि त्यांत हा वायू किती विरघळतो ते मोजत राहिला. बहुतेक मिठांच्या द्रावणात मिठाचं प्रमाण वाढत गेलं, की वायूची विद्राव्यता ठरावीक गणिती नियमानं घटत जाते, असं त्याला आढळलं. १८८९ साली हा नियम प्रसिद्ध झाला. आज औषधनिर्मितीत आणि समुद्राच्या पाण्याच्या रसायनशास्त्रात ‘सेचेनोव्ह स्थिरांक’ रोजच्या वापरात आहे. तो वापरणाऱ्यांपैकी अनेकांना हा मनुष्य मेंदूचा अभ्यासक होता याची कल्पनाही नसते.

याच कामाला १८७५ सालच्या एका दुर्घटनेनं वेगळी दिशा दिली. १५ एप्रिल रोजी ‘झेनिथ’ नावाचा फुगा तीन फ्रेंच संशोधकांना घेऊन पॅरिसहून आठ हजार मीटरच्याही वर गेला. खाली आला तेव्हा क्रोसे-स्पिनेली आणि सिव्हेल मेलेले होते. एकटा गास्तों तिसांदिए वाचला. ऑक्सिजनमिश्रित हवेच्या पिशव्या त्यांच्याजवळ होत्या, पण त्या तोंडाशी धरण्याइतकं भान उरलं नाही. सेचेनोव्हनं हिशेब मांडला. बाहेरच्या हवेचा दाब घटतो तेव्हा फुप्फुसाच्या वायुकोशांतल्या हवेत काय होतं? तिथे पाण्याची वाफ आणि कार्बन डायऑक्साइड आपला वाटा अडवून बसलेले असतात. त्यामुळे ऑक्सिजनचा दाब बाहेरच्यापेक्षाही हलाखीला येतो. ठरावीक मर्यादेखाली तो गेला, की रक्ताला पुरेसा ऑक्सिजन घेताच येत नाही. विमान अजून जन्माला यायचं होतं, तेव्हाचं हे गणित आहे.

थकलेला हात

मॉस्कोत साठी ओलांडल्यावर सेचेनोव्ह कामगारांच्या श्रमाकडे वळला. गिरण्या-कारखान्यांत बारा-बारा, चौदा-चौदा तास राबणं तेव्हा सर्रास होतं. १८९७ सालच्या कायद्यानंसुद्धा दिवसपाळीची मर्यादा साडेअकरा तासांवरच आणली. शरीराच्या दृष्टीनं किती तास काम योग्य, हे ठरवायला सेचेनोव्हनं हृदयाचा दाखला घेतला. हृदय जन्मभर अखंड चालतं असं आपण म्हणतो, पण प्रत्येक ठोक्यात आकुंचनानंतर ते सैल पडतं. दिवसाच्या चोवीस तासांचा हिशेब केला तर ते सुमारे आठ तास काम करतं आणि उरलेला वेळ विसावतं. न थकणाऱ्या स्नायूचं हे प्रमाण असेल, तर थकणाऱ्या हातापायांकडून जास्त कशी अपेक्षा करायची?

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला, सत्तरी ओलांडलेल्या सेचेनोव्हनं स्वतःच्याच हातांवर प्रयोग केले. वजन वर-खाली ओढून उजवा हात थकवायचा, मग काही वेळ विश्रांती घ्यायची आणि पुन्हा ओढून पाहायचं. विश्रांतीच्या वेळात दोन्ही हात स्वस्थ ठेवले तर उजवा हात थोडाफार सावरे. पण त्या वेळात डाव्या हातानं काम केलं, तर उजवा हात त्याहून जास्त ताजातवाना होई. थकवा केवळ स्नायूत नसतो, चेताकेंद्रांतही असतो, आणि दुसऱ्या हाताकडून येणाऱ्या संवेदना त्या केंद्रांना पुन्हा तरतरी देतात, असं त्यानं त्याचं स्पष्टीकरण दिलं. कामात बदल हीच विश्रांती, हा अनुभव त्यानं मोजून दाखवला. याच काळात तो मॉस्कोच्या प्रेचिस्तेन्का भागातल्या कामगारवर्गांत शरीररचना आणि शरीरक्रिया शिकवायला जात असे. १५ नोव्हेंबर १९०५ रोजी न्युमोनियानं तो मॉस्कोत मरण पावला.

निरोधनाचं पुढे काय झालं?

र्‍याझानच्या धर्मशिक्षण-विद्यालयात पाद्री होण्यासाठी शिकणाऱ्या एका मुलाच्या हाती ‘मेंदूच्या प्रतिक्षिप्त क्रिया’ पडलं आणि त्याची वाट बदलली. तो इव्हान पाव्हलोव्ह. सेचेनोव्हच्या पुस्तकाचं ऋण त्यानं पुढे उघडपणे मान्य केलं. घंटा वाजली की कुत्र्याच्या तोंडाला पाणी सुटतं, ही त्याची गोष्ट सर्वांना ठाऊक आहे. तिचा दुसरा अर्धा भाग तितकाच महत्त्वाचा आहे. घंटा वाजवत राहायचं पण अन्न द्यायचं नाही. काही वेळानं लाळ येईनाशी होते. कुत्रा विसरला का? नाही. काही तास जाऊ दिले, की घंटेला लाळ पुन्हा येते. म्हणजे शिकलेलं पुसलं गेलं नव्हतं, दाबलं गेलं होतं.

चार्ल्स शेरिंग्टननं दाखवलं, की कोपर वाकवताना दंडाचा पुढचा स्नायू आखडतो त्याच क्षणी मागच्या स्नायूला चेतवणाऱ्या पेशी मज्जारज्जूत दाबल्या जातात आणि तो स्नायू सैल पडतो. आवर नसेल तर साधा घासही तोंडापर्यंत जाणार नाही. १९५०च्या सुमारास जॉन एकल्सनं एकेका चेतापेशीत सूक्ष्म नळी घालून निरोधनाची विद्युत-खूण टिपली. त्याच वर्षांत मेंदूत गाबा हे रसायन सापडलं. ते चेतापेशीच्या आवरणातली क्लोराइडची दारं उघडतं आणि पेशीला पेटणं अवघड करतं. झोपेच्या आणि फेफऱ्याच्या कित्येक गोळ्या या गाबाचाच हात बळकट करतात. उलट कुचल्याच्या बियांतलं स्ट्रिक्निन हे विष मज्जारज्जूतलं निरोधन बंद पाडतं. मग साध्या स्पर्शानंही सगळं अंग धनुष्यासारखं ताणून झटके येतात. पेटणं आणि विझवणं यांचा तोल क्षणभर जरी ढळला, तरी त्याची किंमत किती मोठी असते, हे यावरून कळतं.

विचार म्हणजे अडवलेली कृती, हे सूत्र आज जसंच्या तसं कोणी मानत नाही. पण हात हलवण्याची नुसती कल्पना केली तरी हालचालीशी निगडित मेंदूचे भाग जागे होतात, हे आता मेंदूच्या स्कॅनमध्ये पडद्यावर दिसतं; म्हणजे सूत्रात तथ्य होतं. सेचेनोव्हचं दुसरं विधान, प्रत्येक कृतीचं मूळ बाहेरच असतं हे, मात्र टिकलं नाही. मेंदू बाहेरच्या चिथावणीची वाट पाहत बसत नाही. तो स्वतःहून सतत लयीत काम करत असतो.

या गोष्टीचा एक अगदी सुरुवातीचा पुरावा १८८२ साली प्रसिद्ध झाला. बेडकाच्या मेंदूतून मज्जारज्जूकडे जाणारा जो भाग असतो, त्या लंबमज्जेला तारा जोडून एका संशोधकानं गॅल्व्हानोमीटरची सुई पाहिली. बाहेरून काहीही न करता सुई ठरावीक लयीत हलत होती. पेशी आपणहून पेटत होत्या. आणि चेतेला विजेनं डिवचलं की ही हालचाल कधी कधी थांबे. हा संशोधक सेचेनोव्हच होता. सोळा वर्षांपूर्वी जप्त झालेल्या आपल्याच पुस्तकातल्या या विधानाला छेद देणारी नोंद त्यानं स्वतःच्या यंत्रावर पाहिली आणि आडपडदा न ठेवता छापली. रशियन शरीरक्रियाशास्त्राचा जनक म्हणून त्याचं नाव घेताना त्याच्या शोधांइतकीच ही सवयही मोजायला हवी. आपला सिद्धान्त काय म्हणतो यापेक्षा सुई काय दाखवते, याला तो मोठं मानत असे.